समर्पण आणि सत्ता : वसंतसेनेपासून जोगवा मागणाऱ्यांपर्यंत

उज्जयिनीच्या राजमार्गावर अंधार दाटत आहे. एक स्त्री जीव मुठीत धरून धावत आहे आणि राजाचा मेहुणा आपल्या दोन सोबत्यांसह तिच्या मागे लागला आहे. शूद्रकाच्या नावावर असलेल्या ‘मृच्छकटिक’ या प्रकरणाच्या पहिल्या अंकातील हा प्रसंग. धावणारी वसंतसेना ही त्या नगरीची विख्यात गणिका. मागे लागलेला संस्थानक ऊर्फ शकार हा सत्तेच्या आश्रयाने माजलेला मूर्ख. शकाराच्या बरोबरचा विट तसा सुसंस्कृत मनुष्य आहे. तो तिला व्यवहार समजावून सांगतो की, गणिकेचा धंदाच असा आहे की तिने आवडता आणि नावडता असा भेद करू नये. वसंतसेनेचे उत्तर त्रोटक आहे. आपला अनुराग मिळवायचा तर त्याला गुण लागतात, दांडगाई तेथे उपयोगी पडत नाही, एवढाच त्याचा आशय.

हे उत्तर कोणी दिले याकडे लक्ष द्यावे. कुलवधूने ते दिले असते तर त्यात नवल नव्हते, कारण तिच्या नकारामागे घराणे, शास्त्र आणि समाज हे तिन्ही उभे असतात. ज्या स्त्रीला नकार देण्याचा हक्कच नाही असे सर्वांनी गृहीत धरले होते, तिने तो दिला. त्या नकारामुळेच पुढे चारुदत्ताला तिने जे दिले त्याला मोल आले.

स्वतःला दुसऱ्याच्या स्वाधीन करणे ही कृती आपण तीन ठिकाणी पाहतो : देवापुढे, शृंगारात आणि रणांगणात. पहिल्या दोहोंस आपण समर्पण म्हणतो, तिसऱ्यास शरणागती. बाहेरून पाहणाऱ्यास तिन्ही सारखीच दिसतात. मस्तक झुकलेले आणि हात जोडलेले असतात. भेद आत आहे. ज्याला नाही म्हणता आले असते त्याच्याच होकाराला समर्पण हे नाव शोभते. ज्याला ते म्हणताच येत नव्हते त्याच्या झुकण्यास दुसरे काहीही म्हणावे, समर्पण म्हणू नये. शृंगारप्रधान साहित्यकृती जेव्हा चित्रपटाच्या पडद्यावर येतात तेव्हा त्यांच्याविषयी वाद होतो तो बहुधा वस्त्रांचा. किती दाखविले आणि किती झाकले, यावर सभा भरतात आणि खटले चालतात. माझ्या मते विचारण्याजोगा प्रश्न निराळा आहे. मूळ कृतीतल्या स्त्रीपाशी जो नकार होता, तो पडद्यावर येईपर्यंत शिल्लक राहिला की वाटेत हरवला? या प्रश्नाच्या प्रकाशात दोन चित्रपट, त्यांच्यामागील साहित्य आणि त्यांच्यालगतचा कायदा यांचा थोडा इतिहास येथे पाहावयाचा आहे.

प्रथम मूळ नाटकच पाहू. चौथ्या अंकाच्या आरंभी शकार वसंतसेनेच्या दारी गाडी पाठवितो आणि तिच्याबरोबर दहा हजार सुवर्णमुद्रांचे अलंकार. आईचा निरोप येतो की जावे. वसंतसेना उलट निरोप धाडते की, मी जिवंत राहावे असे वाटत असेल तर आईने पुन्हा अशी आज्ञा करू नये. त्याच अंकात ती आपली दासी मदनिका हिला एक छदामही न घेता मुक्त करते आणि शर्विलकाच्या हाती देते. पाचव्या अंकात तीच वसंतसेना मेघगर्जनेत, भर पावसात, कोणी न बोलाविता चारुदत्ताच्या घरी जाते. चारुदत्त दरिद्री आहे. त्याच्याकडून तिला काही मिळावयाचे नाही. उलट पुढे त्याच्या लहानग्या रोहसेनाने मातीच्या गाडीसाठी रडू नये म्हणून तीच आपले अलंकार त्या गाडीत घालते.

वकिलाच्या नजरेला या ठिकाणी एक गोष्ट तत्काळ दिसते. मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ याच्या कलम १२२ मध्ये दानाची व्याख्या आहे. देणाऱ्याने ते स्वेच्छेने द्यावे आणि त्याबद्दल मोबदला घेऊ नये, ही त्यातील दोन मुख्य अंगे. करार अधिनियम, १८७२ याचे कलम १४ मुक्त संमती म्हणजे काय ते सांगते आणि कलम १६ सांगते की, एक पक्ष दुसऱ्याच्या इच्छेवर वर्चस्व गाजविण्याच्या स्थितीत असून त्याने त्या स्थितीचा गैरफायदा घेतला तर ती संमती दूषित होते. ही कलमे जमीनजुमल्यासाठी आणि देवघेवीसाठी झाली, हे खरे. तथापि शकाराची गाडी आणि वसंतसेनेचे पावसातील अभिसरण यांतील अंतर ती जितक्या नेमकेपणाने सांगतात तितके कोणताही अलंकारशास्त्राचा ग्रंथ सांगत नसेल. शकार मोबदला देऊ करतो आणि त्यामागे राजाचा धाक उभा करतो. वसंतसेना चारुदत्ताला दान करते. व्यवसायाने विक्रय करणाऱ्या स्त्रीने दान करावे, यातच त्या नाटकाचे सारे नाट्य भरलेले आहे.

आठव्या अंकात पुष्पकरंडक उद्यानात गाड्यांची अदलाबदल होऊन वसंतसेना शकाराच्या हाती सापडते. तो तिच्या पाया पडतो; ती त्याला लाथेने झिडकारते. मग तो विटाला आणि आपल्या गाडीवान दासाला तिला ठार मारण्यास सांगतो. दोघेही नाकारतात. दासाचे नाकारणे विशेष लक्षात ठेवण्याजोगे आहे, कारण तो विकत घेतलेला मनुष्य आहे. धन्याची मालकी आपल्या शरीरापुरती आहे, सदाचारापर्यंत ती पोहोचत नाही, असे तो मार खाऊनही सांगतो. म्हणजे नाटककाराने नकाराचा अधिकार समाजाच्या अगदी तळाच्या पायरीपर्यंत नेऊन ठेवला. शेवटी शकार स्वतःच तिचा गळा दाबतो आणि ती मेली असे समजून चारुदत्तावर खुनाचा आळ घेतो.

नवव्या अंकातील न्यायसभेचे दृश्य वाचताना आजही कोणत्याही वकिलास अस्वस्थ व्हावे लागेल. अधिकरणिक म्हणजे न्यायाधीश प्रथम सांगतो की, शकाराचे काम आज घेतले जाणार नाही. शकार उत्तर देतो की, मी बहिणीला आणि राजाला सांगून तुला काढावयास लावीन आणि तुझ्या जागी दुसरा बसवीन. लगेच काम चालू होते. ज्या सत्तेने वसंतसेनेला झुकविता आले नाही तीच सत्ता न्यायासनाला क्षणात झुकविते! एका गणिकेत आणि एका दासात जे सामर्थ्य होते ते न्यायाधीशात नव्हते, हे शूद्रकाने कोणतेही भाष्य न करता दाखविले आहे.

शेवटच्या अंकात वधस्तंभाकडे नेलेला चारुदत्त सुटतो, पालक राजा मारला जातो आणि आर्यक गादीवर येतो. सुटका होताच वसंतसेना चारुदत्ताच्या गळ्यातील वध्यमाला काढून शकाराच्या अंगावर फेकते. चारुदत्त शकाराला अभय देतो, पण तिची माळ तिने फेकलेली असते. नवा राजा तिला वधू हे पद देतो आणि तिच्या मस्तकावर अवगुंठन येते. येथे नाटकाची एक मर्यादाही सांगितली पाहिजे. ज्या स्त्रीने आपले मन स्वतःच दिले, तिला पत्नीपद मात्र राजाच्या कृपेने मिळाले. दान तिचे होते, पण त्याला मान्यता सत्तेची लागली.

महाराष्ट्रात आणि गोमंतकात हे कथानक गोविंद बल्लाळ देवलांच्या संगीत नाटकाने घरोघर पोहोचविले. देवळापुढच्या मंडपात रात्र जागवून जुनी नाटके पाहिलेल्या आमच्या वाचकांना वसंतसेना परकी नाही. त्या काळी स्त्रियांच्या भूमिका पुरुष करीत, आणि बालगंधर्वांची वसंतसेना प्रसिद्धच होती. या रूढीचा एक परिणाम असा झाला की, वसंतसेनेचा देह रंगभूमीवर कधी आलाच नाही. आली ती तिची बोली, तिचे गाणे आणि तिची ऐट. मूकपटाच्या काळात, १९३१ साली, मोहन भवनानी यांनी ‘वसंतसेना’ पडद्यावर आणली आणि तीत कमलादेवी चट्टोपाध्याय यांच्यासारख्या सुशिक्षित, सार्वजनिक कार्यातील स्त्रीने काम केले. त्या काळी त्यास मोठे धैर्य लागले असणार. परंतु शृंगाराला मोकळी वाट करून देणारी वसंतसेना पडद्यावर यावयास १९८४ साल उजाडावे लागले. तो चित्रपट म्हणजे ‘उत्सव’.

‘उत्सव’ची निर्मिती शशी कपूर यांची आणि दिग्दर्शन गिरीश कार्नाड यांचे. कार्नाड माथेरानला १९३८ साली एका कोंकणीभाषी सारस्वत कुटुंबात जन्मले. कन्नड नाटककार म्हणून ते कीर्तिमान झाले आणि २०१९ साली निवर्तले. शूद्रकाचे नाटक आणि भासाच्या नावावरील अपूर्ण ‘चारुदत्त’ या दोहोंचा आधार घेऊन त्यांनी कथा रचली. रेखा वसंतसेना झाली, शेखर सुमन चारुदत्त आणि स्वतः निर्माते शशी कपूर संस्थानक झाले. अमजद खान यांनी कामसूत्रकार वात्स्यायनाची भूमिका केली. नाटकात नसलेला हा वात्स्यायन गणिकांच्या वाड्यात बसून स्त्रीपुरुषांचे व्यवहार न्याहाळतो आणि त्यांचे शास्त्र करू पाहतो. संगीत लक्ष्मीकांत-प्यारेलाल यांचे, गीते वसंत देव यांची.

या चित्रपटावर उत्तान म्हणून टीका झाली. ती आज वाचली तर फिकी वाटेल. भरजरी अलंकार, दिव्यांचा मंद उजेड आणि जुन्या लेण्यांची आठवण करून देणारी अंगलट यांत शृंगार पुष्कळ आहे, परंतु ओंगळपणा नाही. शिवाय चारुदत्ताची पत्नी आणि वसंतसेना यांच्यातील स्नेह चित्रपटाने मोठ्या हळुवारपणे रंगविला आहे. त्या दोघींच्या तोंडी असलेले द्वंद्वगीत लता आणि आशा या मंगेशकर भगिनींनी गायिले. त्यांचे पिताश्री मास्टर दीनानाथ मंगेशीचे, आणि दीनानाथांच्या मातोश्री येसूबाई मंगेशीच्या देवस्थानाशी सेवेने बांधलेल्या कलावंत परंपरेतल्या. देवळाच्या सभामंडपात ज्या कुळांनी पिढ्यान्‌पिढ्या गाणे जपले त्यांच्या वारसांनी पडद्यावरील गणिकेला आणि कुलवधूला आवाज द्यावा, हा योगायोग मला नेहमी विचारात पाडतो. त्याकडे शेवटी वळू.

माझा आक्षेप चित्रपटाच्या शेवटावर आहे. ‘उत्सव’मध्ये वधूपद नाही आणि वध्यमालाही नाही. चारुदत्त आपल्या पत्नीकडे राहतो, वसंतसेना आपल्या वाड्यात परत येते. आणि सत्ता गेलेला, मार खाल्लेला संस्थानक तिच्या दारी येऊन पडतो तेव्हा ती त्याला आत घेते. यात कार्नाडांचा हेतू उथळ होता असे मी म्हणणार नाही. राजाने दिलेले पद नाकारून वसंतसेना आपल्या जागी परतते, यात एक प्रकारचे स्वातंत्र्य आहे. सत्ता गमावलेला पुरुष प्रथमच केवळ मनुष्य म्हणून तिच्यापुढे उभा आहे आणि आता देणे न देणे सर्वस्वी तिच्या हाती आहे, असाही त्याचा अर्थ लावता येतो. हा अर्थ मान्य केला तरी एक अडचण उरते. ज्याने आपला गळा दाबला त्याच्याविषयी तिच्या मनात काय घडले, हे आपल्याला कोठेच दाखविलेले नाही. नकार सविस्तर आहे, होकार आहे, आणि मधला पुरावा गहाळ आहे. त्यात संस्थानकाच्या भूमिकेत लोकप्रिय आणि देखणा नट. त्यामुळे शकाराचे क्रौर्य पाहता पाहता खोडकरपणात विरून जाते. मग प्रेक्षक घरी जाताना एक जुना आणि घातक समज बरोबर नेतो की, पुरुष पुरेसा मागे लागला तर स्त्री अखेरीस वळतेच. शूद्रकाने हा समज मोडण्यासाठीच तिच्या हातून ती माळ फेकविली होती.

आता कायद्याकडे वळू. अश्लीलतेची जी कसोटी आपल्या न्यायालयांनी दीर्घकाळ वापरली ती १८६८ सालच्या हिक्लिन या इंग्रजी खटल्यातली. ज्यांची मने अशा प्रभावास बळी पडण्याजोगी आहेत त्यांना तो मजकूर बिघडवील काय, असा तिचा प्रश्न. १९६४ साली ‘लेडी चॅटर्लीज लव्हर’ ही कादंबरी विकल्याबद्दल मुंबईच्या एका पुस्तकविक्रेत्यावर झालेल्या खटल्यात न्यायमूर्ती हिदायतुल्ला यांनी ही कसोटी थोड्या फेरफाराने कायम ठेवली आणि शिक्षा उचलून धरली. १९६९ साली चंद्रकांत काकोडकर यांच्या ‘शामा’ या मराठी कथेविषयी सर्वोच्च न्यायालयाने लेखकाला निर्दोष ठरविले. ती कथा १९६२ च्या ‘रंभा’ मासिकाच्या दिवाळी अंकात आली होती. १९७० साली ख्वाजा अहमद अब्बास यांच्या प्रकरणात चित्रपटांची पूर्वतपासणी न्यायालयाने वैध मानली, पण काम आणि अश्लीलता हे नेहमीच समानार्थी नसतात हेही बजावले. हिक्लिनची कसोटी सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली सोडून दिली आणि तिच्या जागी समकालीन समाजाच्या मापाने संपूर्ण कृती पाहण्याचा दंडक आणला. दंडविधानातील जुने कलम २९२ आता भारतीय न्याय संहितेच्या कलम २९४ मध्ये आले आहे.

या सर्व वाटचालीत न्यायालयाचे डोळे बहुधा वाचकाकडे किंवा प्रेक्षकाकडे लागलेले दिसतात. त्याचे मन बिघडेल काय, ही चिंता. कथेतल्या स्त्रीवर काय गुदरले, हा प्रश्न गौण. याला मोठा अपवाद झाला तो १९९६ साली. माला सेन यांच्या पुस्तकावरून शेखर कपूर यांनी केलेल्या ‘बँडिट क्वीन’ या चित्रपटात फूलन देवीची गावापुढे विवस्त्र धिंड दाखविली आहे. तो शृंगारपट नव्हे; पण उघड्या देहावरून खटला झालाच. सर्वोच्च न्यायालयाने निर्वाळा दिला की, ते दृश्य वासना चाळविण्यासाठी नाही. ते पाहून करुणा आणि लाज वाटावी यासाठी आहे. म्हणजे देह उघडा असण्यावर निकाल अवलंबून राहिला नाही. तो कोणी आणि कोणत्या बळाने उघडा केला, इकडे न्यायासनाची दृष्टी गेली. या दृष्टीने तो निकाल मला महत्त्वाचा वाटतो.

या प्रकरणाला आणखी एक बाजू आहे, आणि ग्वाल्हेरच्या वाचकांना ती ठाऊक असेल. फूलन देवी १९८३ च्या फेब्रुवारीत भिंड येथे शरण आली ती आपल्या अटी मान्य करवून घेऊन. शस्त्रे तिने गांधीजींच्या आणि दुर्गेच्या तसबिरींपुढे ठेवली. पुढे कित्येक वर्षे ती ग्वाल्हेरच्या तुरुंगात होती. शरणागतीतही जिने आपल्या अटी सोडल्या नाहीत, तिच्या आयुष्यावर चित्रपट झाला तेव्हा तिलाच १९९४ साली दिल्ली उच्च न्यायालयाकडे धाव घ्यावी लागली. आपल्या देहाची ती विटंबना आपल्या संमतीवाचून पडद्यावर मांडली, ही तिची तक्रार होती. न्यायालयाने प्रदर्शन रोखले, मग उभयपक्षी तडजोड झाली. स्त्रीच्या नकाराची पायमल्ली दाखविणाऱ्या चित्रपटालाही तिचा नकार विचारात घेण्याचे सुचू नये, यावरून सत्ता किती सूक्ष्म वाटांनी शिरते ते कळते. कॅमेरा धरणारा हातही एक सत्ताधीशच असतो.

उज्जयिनीची गणिका आणि चंबळची फूलन या दोघींनाही निदान आपला नकार मोठ्याने उच्चारता आला. ज्यांना तोंड उघडण्यापूर्वीच देवाच्या नावाने दिले गेले त्यांची कथा सांगणारा चित्रपट म्हणजे राजीव पाटील यांचा ‘जोगवा’ (२००९). राजन गवस यांच्या ‘चौंडकं’ आणि ‘भंडारभोग’ या कादंबऱ्या आणि चारुता सागर यांची ‘दर्शन’ ही कथा हा त्याचा आधार. एका कादंबरीत जोगतिणीचे दुःख आहे, दुसरीत जोगत्याचे. चित्रपटाने ती दोन्ही एकत्र आणली. सुलीच्या केसांत जट निघते आणि ती देवीला सोडली जाते. तायप्पा तरणाताठा पुरुष असून त्याच्या अंगावर लुगडे येते. मुक्ता बर्वे आणि उपेंद्र लिमये यांनी या भूमिका केल्या, आणि लिमये यांना त्याबद्दल राष्ट्रीय पारितोषिक मिळाले. बेळगाव जिल्ह्यातील सौंदत्तीचा यल्लम्माचा डोंगर ज्यांनी पाहिला आहे, भंडाऱ्याने पिवळी झालेली वाट, डोक्यावरचा जग आणि हातातली परडी ज्यांच्या डोळ्यांसमोर आहे, त्यांना या कथेतील वातावरण समजावून सांगण्याची गरज नाही.

‘जोगवा’तही शृंगार आहे. सुली आणि तायप्पा एकमेकांजवळ येतात तो प्रसंग कोणत्याही अर्थाने झाकून ठेवलेला नाही. परंतु तो पाहताना संकोच वाटत नाही. याचे कारण असे की, त्या दोघांच्या आयुष्यात स्वतः होऊन दिलेली ती पहिलीच गोष्ट असते. नाव दुसऱ्यांनी ठरविले, वस्त्र दुसऱ्यांनी नेसविले, देह देवीच्या नावावर चढवून गावाने वापरला. जे कधी आपले नव्हतेच ते दान करता येत नाही, हा धर्मशास्त्राचा आणि कायद्याचा समान सिद्धान्त आहे. आधी ते आपले व्हावे लागते. त्या रात्री सुलीचा देह प्रथम सुलीचा होतो आणि म्हणूनच तो तिला देता येतो. ‘उत्सव’च्या शेवटी जो दुवा मला सापडला नाही तो येथे सापडतो.

ही केवळ चित्रपटाची गोष्ट नव्हे. १९३४ सालच्या मुंबई देवदासी संरक्षण अधिनियमाने देवाला मुली वाहणे बेकायदेशीर ठरविले आणि अशा स्त्रीने केलेला विवाह वैध मानला. बेळगाव तेव्हा मुंबई इलाख्यात होते, तेव्हा तो तेथेही लागू होता. कर्नाटकाने १९८२ चा अधिनियम केला आणि महाराष्ट्राने २००५ चा. कर्नाटकाच्या अधिनियमातील एक तरतूद मला विशेष मननीय वाटते. स्त्रीची अशा वाहण्यास संमती असो वा नसो, ते वाहणे निरर्थक आणि रद्दबातल होय, असे तीत म्हटले होते. एरवी कायदा संमतीला केवढा मान देतो! येथे मात्र त्याने संमतीचा पुरावाच मागितला नाही. लहान मुलीच्या पुढे आईबाप, पुजारी, गाव आणि देवी असे सारे एका बाजूला उभे असताना तिच्या तोंडून निघालेल्या होकाराला होकार मानण्यास विधिमंडळाने नकार दिला. वसंतसेनेने विटाला दिलेले उत्तर जणू कायद्याने त्या मुलींच्या वतीने दिले.

आता आपल्या अंगणाकडे. हे मासिक ज्यांच्या हाती पडते त्यांपैकी बहुतेकांचे कुलदैवत गोमंतकात आहे. मंगेशी, म्हार्दोळ, कवळे येथील उत्सवांत ज्यांच्या गाण्याने आणि नृत्याने सभामंडप भरून जात, त्या स्त्रियांच्या सेवेला आपल्या पूर्वजांनी समर्पण म्हटले. त्या सेवेतून केवढी कला उपजली हे सांगावयास नको. केसरबाई केरकर आणि मोगूबाई कुर्डीकर ही दोन नावे पुरेशी आहेत. परंतु ज्या कुळात मुलगी जन्मली त्या कुळाचा धर्म तिला जन्मतःच लागे. लग्न तिला निषिद्ध होते आणि यजमानाची मर्जी सांभाळणे हे तिच्या सेवेबरोबर अव्यक्तपणे बांधलेले होते. देवाच्या नावाने जे वाहिले गेले ते पुष्कळदा मनुष्याने भोगले. आपल्या वाडवडिलांवर दोषारोप करण्यासाठी मी हे लिहीत नाही. देवस्थानांच्या इतिहासाचे आपण जे गौरवग्रंथ काढतो त्यांत वर्षासनांचा आणि पालख्यांचा हिशेब असतो. या स्त्रियांच्या होकाराचा किंवा नकाराचा उल्लेख माझ्या तरी पाहण्यात आलेला नाही.

तो नकार अखेरीस त्यांनी स्वतःच उच्चारला. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात या समाजातील जाणत्या स्त्रीपुरुषांनी संघटना केली, मुलींची लग्ने लावली, शाळांची वाट धरली आणि गोमंतक मराठा समाज या नावाने मान ताठ केली. राजाराम रंगोजी पैंगीणकर यांनी १९६९ साली ‘मी कोण?’ या नावाने आत्मचरित्र लिहिले. ते शीर्षकच एका साऱ्या समाजाचा प्रश्न सांगते. मुक्त गोव्याचे पहिले मुख्यमंत्री दयानंद बांदोडकर याच समाजातले. ज्यांना पिढ्यान्‌पिढ्या देता येईल असे स्वतःचे काही नव्हते त्यांनी आधी स्वतःला मिळविले. त्यांच्यापैकी कित्येकजण आजही त्याच देवापुढे हात जोडतात. पण आता ते स्वतःच्या पायांनी चालत येतात.

नवविधा भक्तीत आत्मनिवेदन ही शेवटची पायरी आहे. श्रवणापासून आरंभ करून दास्य आणि सख्य यांच्यामागून ती येते. हा क्रम शास्त्रकारांनी विचार करून लावलेला दिसतो. सख्य आठवे आणि आत्मनिवेदन नववे. म्हणजे ज्याच्याशी बरोबरीच्या नात्याने बोलता येते त्याच्यापुढेच पूर्णपणे वाकावे, असा मला त्याचा अर्थ लागतो. पुढच्या खेपेस एखादा शृंगारप्रधान चित्रपट पाहून घरात वाद निघेल तेव्हा वस्त्रांचा हिशेब थोडा वेळ बाजूस ठेवावा आणि त्यातल्या स्त्रीला नाही म्हणता आले असते काय, एवढे एकमेकांस विचारावे. आणि उत्सवाच्या दिवशी सभामंडपात बसल्यावर, ज्या जागी एके काळी पायांतील घुंगरे वाजत त्या जागेकडे पाहूनही तोच प्रश्न मनाशी विचारावा.